पार्थ म्हणजे कोणाचा पुत्र?

(कुटुंब मेळाव्यात केलेल्या भाषणाचे संक्षिप्त शब्दांकन)



नामकरण हा आपल्या सोळा संस्कारांपैकी एक. बारशाच्या दिवशी पाळण्याभोवती सुवासिनी जमतात, आत्या बाळाच्या कानात नाव सांगते आणि एका जीवाला समाजात ओळख मिळते. त्याआधी घरात नावांच्या पुस्तकांची पारायणे झालेली असतात. आद्याक्षर जुळावे, नाव सुटसुटीत असावे, शेजारीपाजारी कोणाचे नसावे, या अटी आपण कसोशीने पाळतो. नाव कशापासून बनले, हा प्रश्न मात्र बहुधा राहून जातो. आज त्याविषयीच बोलायचे आहे.

‘पार्थ’ हे नाव घ्या. पुस्तकात त्यापुढे ‘अर्जुन’ एवढाच अर्थ दिलेला असतो. पण अर्जुनाला पार्थ का म्हणावे? कुंतीचे जन्मनाव पृथा. ती शूरसेनाची कन्या, वसुदेवाची बहीण, म्हणजे श्रीकृष्णाची आत्या. कुंतिभोजाच्या घरी दत्तक गेली म्हणून ती कुंती झाली. पृथेचा पुत्र तो पार्थ. कुरुक्षेत्रावर भगवंत अर्जुनाला कधी ‘पार्थ’ तर कधी ‘कौंतेय’ म्हणतात, तेव्हा त्या प्रत्येक हाकेत त्याच्या आईचे नाव उच्चारले जाते.

हे एकट्या अर्जुनाचे नाही. विनतेचा पुत्र वैनतेय, म्हणजे गरुड. कृत्तिकांनी वाढविला तो कार्तिकेय. गंगेचा गांगेय म्हणजे भीष्म, सुमित्रेचा सौमित्र म्हणजे लक्ष्मण. शब्दाचा पहिला स्वर वाढतो आणि पुढे अपत्यवाचक प्रत्यय लागतो, अशी ही घडण आहे. स्त्रीवाचक शब्दापासून अपत्यनाम कसे साधावे, यासाठी पाणिनीने अष्टाध्यायीत स्वतंत्र सूत्र दिले आहे. भाषेत जे रूढ असते, त्याचाच व्याकरणाला नियम सांगावा लागतो.

या परंपरेतील सर्वांत हृद्य नाव आहे ‘राधेय’. जन्माने कर्ण कौंतेय होता. उद्योगपर्वात श्रीकृष्ण त्याला ते सांगतात, ज्येष्ठ पांडव म्हणून राज्यही देऊ करतात. कर्ण ते नाकारतो. आपल्याविषयीच्या मायेने राधेला पान्हा फुटला, तिनेच आपले मलमूत्र काढले, तिला सोडून मी कसा येऊ, असा त्याचा सवाल आहे. सिंहासनापेक्षा एका सारथ्याच्या पत्नीचे नाव त्याने मोठे मानले. जन्म देणारीइतकीच वाढविणारीही आई असते, हे त्या एका नावात सामावले आहे. दत्तक मूल घरी आणणाऱ्या दांपत्यांनी हे नाव अवश्य आठवावे.

छांदोग्य उपनिषदातील सत्यकाम तर याहून पुढे जातो. गुरूने गोत्र विचारले, तेव्हा आईने जे सांगितले तेच त्याने निःसंकोचपणे सांगितले : गोत्र ठाऊक नाही, आईचे नाव जबाला, म्हणून मी सत्यकाम जाबाल. हारिद्रुमत गौतमांनी त्या सत्यवचनावरच त्याला शिष्य म्हणून स्वीकारले.

हे केवळ पुराणग्रंथांत नाही. नाशिकच्या पांडवलेण्यात, तिसऱ्या लेण्यातील शिलालेख पाहा. आपल्या मातीतील सातवाहन सम्राटाचे नाव गौतमीपुत्र सातकर्णी, त्याच्या मुलाचे वासिष्ठीपुत्र पुळुमावी. तो लेख गौतमी बलश्री या राजमातेचा आहे. पुत्राचे पराक्रम सांगतानाच तो मातेची अखंड सेवा करणारा होता, हेही त्यात कोरले आहे.

तथापि, यावरून प्राचीन काळी सारे स्त्रियांना अनुकूल होते, असा निष्कर्ष काढण्याची घाई नको. राजाला अनेक राण्या असत. त्यांपैकी कोणत्या राणीचा पुत्र, हे सांगण्यासही मातृनाम उपयोगी पडे. वारसा पित्याकडूनच येई. शिवाय गांधारी म्हणजे गांधार देशाची, माद्री म्हणजे मद्र देशाची, कैकेयी म्हणजे केकयांची. या मातांची स्वतःची नावे काय होती? माहेरच्या देशाच्या नावाआड ती झाकली गेली.

आपल्याकडेही विवाहात तांदळाच्या ताटात वधूचे नवे नाव लिहिण्याची रीत आहे. आईवडिलांनी हौसेने ठेवलेले, वीस-पंचवीस वर्षे वागवलेले नाव त्या ताटात पुसले जाते. रीत पाळायची की नाही, हे त्या मुलीला विचारून ठरवावे. तिच्या इच्छेविना बदललेल्या नावाला संस्कार म्हणता येणार नाही.

मार्च २०२४ मध्ये महाराष्ट्राच्या मंत्रिमंडळाने एक निर्णय घेतला. १ मे २०२४ रोजी व त्यानंतर जन्मलेल्या बालकांच्या शासकीय दस्तऐवजांत बालकाचे नाव, आईचे नाव, वडिलांचे नाव आणि मग आडनाव, असा क्रम ठरला. काहींना हे नवे खूळ वाटले. पार्थ, कौंतेय, राधेय ही नावे ज्यांच्या ओठी आहेत, त्यांना ते नवे वाटण्याचे कारण नाही.

तेव्हा यापुढे बारशाला जाल, तेव्हा नावाचा अर्थ विचाराच. पण त्याची घडणही विचारा. आणि घरात एखादा पार्थ असेल, तर पृथा कोण होती हे त्याला अवश्य सांगा. ते सांगण्याचा पहिला मान त्याच्या आईचा.