मक्याचे गाव, सेवेची गावकी



मेक्सिकोच्या दक्षिणेस ओआहाका नावाचे डोंगराळ राज्य आहे. त्याच्या उत्तरेकडील पर्वतराजीत, पाइन आणि ओक वृक्षांच्या सान्निध्यात, कापुलाल्पाम हे सुमारे दीड हजार वस्तीचे शेतकरी गाव वसले आहे. या परिसरातील लोक मुख्यतः झापोटेक या आदिवासी समाजाचे. मेक्सिकोचे राष्ट्राध्यक्षपद भूषविणारे पहिले आदिवासी नेते बेनितो हुआरेस यांचा जन्म १८०६ मध्ये येथून जवळच असलेल्या गेलाताओ या खेड्यात झाला.

या डोंगरातील खेड्यांत गावकीचा हक्क सेवेने मिळवावा लागतो. तरुणाने प्रथम ‘तोपिल’ व्हावयाचे, म्हणजे निरोप पोहोचविणे, पहारा देणे ही कामे करावयाची. पुढे काही वर्षांच्या अंतराने एकेक वरची जबाबदारी त्याच्याकडे येते. ही पदे परंपरेने बिनवेतनी असून नेमणूक ग्रामसभा करते. ओआहाकातील ५७० पालिकांपैकी चारशेहून अधिक पालिकांचे कारभारी अशाच रूढीनुसार, राजकीय पक्षांविना निवडले जातात. राज्याच्या कायद्याने १९९५ मध्ये या पद्धतीला मान्यता दिली. या व्यवस्थेत उणिवाही आहेत. अनेक गावांच्या सभेत स्त्रियांना दीर्घकाळ स्थान नव्हते. २००७ मध्ये किएगोलानी या गावी एउफ्रोसिना क्रूस यांना स्त्री म्हणून नगराध्यक्षपद नाकारण्यात आले, तेव्हा हा प्रश्न देशभर गाजला.

रस्ता, पाणी, शाळा, जंगल यांची कामे गाव एकत्र येऊन करते. या प्रथेस ‘तेकिओ’ म्हणतात. श्रमदान हे स्वेच्छेचे असते. तेकिओ मात्र प्रत्येकावर बंधनकारक आहे. ‘गोसोना’ ही दुसरी प्रथा आपल्याकडील सावडीची आठवण करून देते. शेतीच्या कामात घेतलेली मदत कामानेच फेडावयाची. एका गावचे वाद्यपथक दुसऱ्या गावच्या उत्सवात वाजवते आणि आपल्या उत्सवाच्या वेळी त्याची परतफेड मिळवते.

या साऱ्या जीवनाचा आधार मका आहे. ओआहाकाच्याच गिला नाकित्झ या गुहेत सुमारे ६,२५० वर्षांपूर्वीची कणसे सापडली आहेत. ‘मिल्पा’ या पारंपरिक शेतात मका, घेवडा आणि भोपळा एकत्र पेरतात. घेवड्याचा वेल मक्याच्या ताटावर चढतो आणि जमिनीला नत्र देतो; भोपळ्याची पाने जमिनीतील ओल राखतात व तण रोखतात. मका चुन्याच्या पाण्यात शिजवून भिजत ठेवतात, मग तो वाटून ‘तोर्तिया’ ही भाकरी तव्यावर भाजतात. चुन्याच्या या संस्कारामुळे मक्यातील नायसिन हे जीवनसत्त्व शरीराला मिळते आणि पेलाग्रा या रोगापासून संरक्षण होते. पुढच्या पेरणीचे बियाणे मात्र बहुधा घरच्याच निवडक कणसांतून येते.

आज याच परंपरेची कसोटी लागली आहे. १ जानेवारी १९९४ रोजी उत्तर अमेरिकेतील मुक्त व्यापार करार अमलात आला आणि अमेरिकेतील स्वस्त मक्याची आयात वाढली. जनुकीय बदल केलेल्या मक्याच्या लागवडीस मेक्सिकोने १९९८ मध्ये स्थगिती दिली होती. तरीही त्याचे अंश या डोंगरातील देशी मक्यात आढळल्याचे डेव्हिड क्विस्ट आणि इग्नासिओ चापेला यांनी २००१ मध्ये प्रसिद्ध केले. त्यावर शास्त्रज्ञांत तीव्र वाद झाला. मक्याचे परागण वाऱ्याने होते. खाण्यासाठी आणलेला एखादा परदेशी दाणा पेरला गेला तरी त्याचा परिणाम शेजारच्या शेतापर्यंत पोहोचू शकतो. म्हणून आयात मका दळूनच वाटावा, अशी शिफारस २००४ मध्ये उत्तर अमेरिकेच्या पर्यावरण सहकार्य आयोगाने केली. मार्च २०२५ मध्ये मेक्सिकोने जनुकीय मक्याच्या लागवडीवरील बंदी थेट राज्यघटनेत समाविष्ट केली.

मेक्सिकोच्या मक्याशी महाराष्ट्राचाही ऋणानुबंध आहे. वर्ध्याचे क्रांतिकारक डॉ. पांडुरंग खानखोजे यांनी मेक्सिको शहराजवळील चापिंगो येथील कृषिविद्यालयात अध्यापन केले, मक्यावर संशोधन केले आणि गरीब शेतकऱ्यांसाठी मोफत शेतकी शाळा चालविल्या. थोर चित्रकार दिएगो रिवेरा यांनी त्यांना आपल्या भित्तिचित्रात स्थान दिले. १९६७ मध्ये नागपूर येथे त्यांचे निधन झाले.

कायद्याने परके बियाणे अडविता येईल. परंतु देशी बियाणे दरवर्षी कोणीतरी पेरावेच लागते. डोंगरातील अनेक तरुण रोजगारासाठी ओआहाका शहरात वा लॉस एंजेलिसला गेले आहेत. ग्रामसभेने पदावर नेमले की काहीजण नोकरी सोडून परततात, तर काही आपल्या जागी दुसऱ्यास मोल देऊन उभे करतात. पैशाने पदाची जागा भरून निघते. पण कोणत्या उतारावर कोणता मका येतो आणि बियाण्यासाठी कोणते कणीस राखावे, हे ज्ञान वडिलांच्या पाठोपाठ शेतात चालणाऱ्या मुलालाच मिळते. ही मुले गावात राहतील एवढे उत्पन्न मिल्पातून मिळवून देणे, हेच आता तेथील शेतकऱ्यांपुढचे आणि शासनापुढचे खरे कार्य आहे.