गैरहजेरीचा हुकूम म्हणजे न्यायनिवाडा नव्हे
(धार व देवास येथील मराठी बांधवांपुढे आम्ही केलेले भाषण)



पवारांच्या या दोन नगरांत आम्ही सीमाभागातून पाहुणे म्हणून आलो आहोत. देवासास तर थोरली पाती व धाकटी पाती अशी दोन राज्ये एकाच गावात नांदत होती. १९४८ साली ही संस्थाने मध्य भारतात विलीन झाली. १९५६ साली मध्य भारतही मध्य प्रदेशात मिळाला. राज्ये गेली, परंतु वाडवडिलांचे वाडे, जमिनी आणि त्यांवरील दावे मागे उरले. आमच्या गावांतही हेच चित्र आहे. म्हणूनच आज कायद्याच्या एका नियमाविषयी बोलावयाचे आम्ही ठरविले. विषय रुक्ष खरा. पण त्यावर राहते घर टिकते वा जाते.

आमच्या आत्याबाईंच्या घराचे अपील एका जिल्हा न्यायालयात होते. तुम्ही जिला पेशी म्हणता आणि आम्ही तारीख, त्या दिवशी वकील अंथरुणास खिळलेले. पुकारा झाला, कोणी उठले नाही, अपील काढून टाकले गेले. आत्याबाईंना त्याचा पत्ताही नव्हता. तीन महिन्यांनी बेलीफ दारात उभा राहिला, तेव्हा कळले! शेजारी म्हणाले, ‘संपले सारे.’ आम्ही विचारतो, काय संपले? पुरावा कोणी तपासला? हक्काचा विचार कोणी केला?

१९०८ च्या दिवाणी प्रक्रिया संहितेत, आदेश ४१, नियम १७ अन्वये, अपीलकर्ता गैरहजर असेल तर न्यायालय अपील काढून टाकू शकते. मात्र त्याच्या पाठीमागे गुणदोषांवर निर्णय देऊ शकत नाही. १९७६ च्या दुरुस्तीने हे निःसंदिग्ध केले आहे. नियम १९ म्हणतो : गैरहजेरीस पुरेसे कारण होते हे सिद्ध करा, अपील पुन्हा दाखल करून घेतले जाईल, खर्चाची अट मात्र घालता येईल.

मुदत अवघी ३० दिवसांची, आणि ती हुकूम कळल्यापासून नव्हे, हुकूम झाल्यापासून! ती टळली तर मुदतीच्या कायद्याच्या कलम ५ खाली विलंबमाफीचा अर्ज जोडावा. अपिलाबरोबर मनाईही गेलेली असते. म्हणून अंमलबजावणी थांबविण्याचीही मागणी करावी. अर्ज नाकारला गेला तरी आदेश ४३ खाली त्या नकारावर अपील चालते. तुमच्या जिल्हा न्यायाधीशांनी नाकारले, तर इंदूरच्या खंडपीठाचे दार आहे.

वकिलाच्या चुकीचे प्रायश्चित्त पक्षकाराने का घ्यावे? हाच प्रश्न १९८१ साली रफीक विरुद्ध मुन्शीलाल या प्रकरणी सर्वोच्च न्यायालयापुढे आला. न्यायालयाने अपील पुन्हा ऐकावयास लावले आणि खर्चाचे २०० रुपये गैरहजर वकिलाच्या माथी मारले. पण म्हणून कोणी निश्चिंत झोपू नये! १९९३ साली सलिल दत्त यांच्या प्रकरणात त्याच न्यायालयाने बजावले, की सारा दोष वकिलावर ढकलून पक्षकार मोकळा होत नाही.

आत्याबाईंनी काय केले? हुकुमाची नक्कल काढली, वकिलांच्या आजाराचा दाखला मिळविला, विलंबाचा दिवसवार हिशेब प्रतिज्ञापत्रावर दिला. खर्च भरावा लागला. अपील पुन्हा उभे राहिले. अंतिम निकाल बाजूने लागेल की विरुद्ध, हे आम्ही सांगू शकत नाही. पण तो बाईंचे म्हणणे ऐकून लागेल, आणि आमचे भांडण तेवढ्यासाठीच होते.

तेव्हा बांधवहो, प्रत्येक तारखेस आपल्या अपिलाचे काय झाले ते स्वतः विचारा. हरणे हा कलंक नव्हे. न ऐकले जाता हरणे आणि वर गप्प बसणे, ही मात्र आपल्याच हाताने आपल्या हक्कावर सोडलेली पाणी आहे.