मोबाईलमधील खेळांचा साठा

2020 साली शाळा बंद झाल्या आणि सांगलीशेजारच्या माधवनगरसारख्या गावी घरातील मोबाईल हाच मुलांच्या अभ्यासाचे साधन झाला. अभ्यासामागोमाग खेळही आले. आता पाठाची चित्रफीत उतरवू जाता जागा शिल्लक नसल्याची सूचना येते आणि पालक घाईने छायाचित्रे पुसू लागतात. दिवंगत आजीचे एकुलते छायाचित्र जावे व खेळ राहावा, हा न्याय उफराटा होय.

पडद्यावरील चिन्ह काढले म्हणजे खेळ गेला, असा समज आढळतो. अनेक फोनांत त्याने केवळ चिन्ह जाते, साठा तसाच राहतो. सेटिंग्जमधील 'अ‍ॅप्स' उघडून खेळाचे नाव निवडावे व 'स्टोरेज' पाहावे. मागाहून उतरलेली चित्रे, ध्वनी व नकाशे कित्येकदा एक-दोन जीबी व्यापतात. 'कॅशे साफ करा' म्हटल्यास तात्पुरता साठा तेवढा जातो. 'डेटा साफ करा' म्हटल्यास मात्र, खेळ खात्याशी जोडलेला नसेल तर, मुलाने गाठलेली पायरीही बहुधा जाते.

मोठ्यांस ती पायरी क्षुल्लक वाटते; मुलाच्या लेखी ती महिनोन्‌महिन्यांची कमाई असते. म्हणून पालकांना हे दाखविताना मुलास जवळ बसवावे व कोणता खेळ काढावयाचा ते त्यालाच विचारावे. न खेळलेले दोन-तीन खेळ तो आपणहून दाखवील. ते 'अनइन्स्टॉल' करावे. साठाही सहसा त्यांच्यासमवेत जातो. मोकळ्या जागेत 'दीक्षा'वरील त्याच्या इयत्तेचा पाठ तेथेच उतरवून द्यावा.