रोज ‘प्रोसीड’ दाबता ना?

मेट्रोत उभ्याने ऐकत असाल तर आवाज थोडा वाढवा, साकीनाक्याला उतरलं की हॉर्नपुढे माझं काही चालणार नाही.

आज विषय सर्टिफिकेटचा. कॉलेजच्या नाही, सर्व्हरच्या.

आपल्या साकीनाक्यात गाळ्या-गाळ्यांत छोट्या कंपन्या. कोपऱ्यात एक सर्व्हर, त्यावर प्रॉक्समॉक्स, आत चार-पाच व्हर्च्युअल मशीन. एकावर टॅली, दुसऱ्यावर फाइल्स. सगळ्यांची चावी एकाच पानावर, पोर्ट ८००६. ते पान उघडलं की ब्राउझर ओरडतो, कारण प्रॉक्समॉक्सने सर्टिफिकेट स्वतःच स्वतःला दिलेलं असतं. मग काय? ‘ॲडव्हान्स्ड’, ‘प्रोसीड’. रोज. मला भीती या सवयीचीच वाटते. उद्या ऑफिसच्या वायफायवर कुणी मध्ये बसून खोटं पान दाखवलं, तरी इशारा तसाच दिसणार. तुम्ही ‘प्रोसीड’ दाबणार आणि रूटचा पासवर्ड त्याला मिळणार. म्हणजे एक मशीन नाही, सगळीच गेली.

व्हीएमवेअरवाल्यांची तऱ्हा वेगळी. व्हीसेंटरमध्ये लॉगिनच्या टोकनवर सही करणारं एसटीएस सर्टिफिकेट असतं. ६.५ अपडेट २ पासून नव्याने बसवलेल्या बऱ्याच ठिकाणी ते दोनच वर्षांचं निघालं. ते संपलं की मशीन आत मजेत चालू, तुम्ही मात्र बाहेर! ब्राउझरमध्ये दिसणारं सर्टिफिकेट वेगळं, त्याची तारीख बघून निश्चिंत होऊ नका. चेकएसटीएस नावाची स्क्रिप्ट खरी तारीख सांगते.

वेबसाइटच्या सर्टिफिकेटचं आयुष्यही घटतंय. १५ मार्च २०२६ पासून जास्तीत जास्त २०० दिवस, २०२७ मध्ये १००, २०२९ मध्ये ४७. कटकट वाटते? जुलै २०१४ आठवा. आपल्याच एनआयसीच्या यंत्रणेतून गुगलच्या डोमेनची अनधिकृत सर्टिफिकेट निघाली होती. असं सर्टिफिकेट जितकं जगेल तितका धोका.

तेव्हा एक्सेलमध्ये तारखा लिहिणं सोडा. लेट्स एनक्रिप्टनेही जून २०२५ मध्ये आठवणीचे मेल बंद केले. स्वतःचं डोमेन असेल तर प्रॉक्समॉक्समधलंच एसीएमई वापरा, डीएनएस चॅलेंजने. सर्व्हर इंटरनेटवर उघडा करावा लागत नाही, नूतनीकरण आपोआप होतं. फक्त एक: हे नाव सार्वजनिक नोंदीत दिसतं. म्हणून ‘टॅली-मेन-सर्व्हर’ असलं नाव नको, साधं ‘आंबा’ ठेवा.

पुढच्या भागात बॅकअप. भेटू!