थांबून पाहणारा कॅमेरा



चित्रपट म्हटला की नटनट्या, गाणी आणि रंगीत देखावे आपल्या डोळ्यांपुढे उभे राहतात. आज ज्यांच्याविषयी बोलावयाचे आहे, त्या आनंद पटवर्धनांच्या चित्रपटांत नटांचा अभिनय नसतो. 1950 साली मुंबईत जन्मलेले हे माहितीपटकार घटनास्थळी जातात आणि घटनेची बातमी शिळी झाल्यावरही तेथे जात राहतात.

11 जुलै 1997 रोजी घाटकोपरच्या रमाबाई आंबेडकर नगरात डॉ. बाबासाहेबांच्या पुतळ्याची विटंबना झाली. जमलेल्या लोकांवर पोलिसांनी गोळीबार केला आणि दहा जणांचे प्राण गेले. त्या दुःखात शाहीर विलास घोगरे यांनी चार दिवसांनी आपले जीवन संपविले. याच शाहिरांचे गाणे पटवर्धनांनी 1985 च्या ‘हमारा शहर’मध्ये टिपले होते. पुढे चौदा वर्षे ते वस्त्यांतून आणि जलशांतून हिंडले. 2011 साली तीन तासांहून मोठा ‘जय भीम कॉम्रेड’ पुरा झाला.

एवढा धीर कशासाठी? परक्या कॅमेऱ्यापुढे मनुष्य पहिल्या दिवशी ऐकविण्यासारखे तेवढेच बोलतो. ओळख मुरली म्हणजे मनातले बोलतो.

हीच दृष्टी त्यांनी स्वतःच्या घराकडेही वळविली. ‘वसुधैव कुटुम्बकम्’ या 2023 च्या माहितीपटात त्यांचे वृद्ध आईवडील आहेत. आई निर्मलाताई मूळच्या सिंधमधील हैदराबादच्या, कुंभकलेत नाव मिळविलेल्या. काका अच्युतराव 1942 च्या लढ्यात भूमिगत राहून झुंजलेले. हे चित्रण मुळात चित्रपटासाठी नव्हतेच. मुलाने घरच्या घरी जपलेली ती आठवण होती. तरीही त्या घरगुती गप्पांतून स्वातंत्र्यलढ्याचा आणि फाळणीचा काळ आपल्यासमोर येतो.

मित्रहो, आपल्या भिलाईचेही असेच आहे. 4 फेब्रुवारी 1959 रोजी राष्ट्रपती डॉ. राजेंद्रप्रसाद यांच्या हस्ते येथील पहिल्या ब्लास्ट फर्नेसचे उद्घाटन झाले. त्या काळाची आठवण सांगणारी माणसे दरवर्षी कमी होत आहेत. मानववंशशास्त्रज्ञ जोनाथन पॅरी यांनी येथील माहितीपटकार अजय टी. जी. यांच्या सहकार्याने भिलाईच्या कामगारजीवनावर मोठा ग्रंथ सिद्ध केला; तो 2020 साली प्रसिद्ध झाला. परंतु आपल्या आजीने परमुलखात पहिली संक्रांत कशी साजरी केली, शेजारच्या छत्तीसगढी बाईशी ती कोणत्या भाषेत बोलली, हे घरच्यांवाचून कोण विचारणार?

आज प्रत्येकाच्या खिशात कॅमेरा आहे. आपण त्यात वाढदिवसाचा केक टिपतो. शेजारी बसलेली आजी मात्र चौकटीबाहेर राहते.

म्हणून एवढीच विनंती, की घरी गेल्यावर वडीलधाऱ्यांपाशी बसावे. एकच प्रश्न विचारावा आणि मध्ये बोलू नये. सांगता सांगता त्या गप्प झाल्या, तरी कॅमेरा बंद करण्याची घाई करू नये. पुष्कळदा खरी गोष्ट त्यानंतरच सुरू होते.