मयूखाची हद्द

तौलनिक कायदा शिकायचा तर परदेश गाठलाच पाहिजे, असा आपल्या विधी महाविद्यालयांत पक्का समज आहे. तो खोडून काढायला आज आपण जमलो आहोत ते उपनगरच पुरेसे आहे. १९५६ पूर्वी घाटकोपरच्या एकाच चाळीतल्या दोन बिऱ्हाडांना वारसाहक्काचे दोन कायदे लागू शकत. बायको, मुले, नातवंडे मागे न ठेवता कुणी वारला, तर गुजरात, मुंबई बेट आणि उत्तर कोकण या टापूत नीलकंठभट्टांच्या ‘व्यवहारमयूखा’प्रमाणे आईआधी बापाचा नंबर लागे, रत्नागिरीकडे ‘मिताक्षरे’प्रमाणे बापाआधी आईचा. स्थलांतर केलेले कुटुंब आपला कायदा बरोबर आणते असे न्यायालये गृहीत धरत. त्यामुळे चिपळूणच्या चाकरमान्याची आई आणि शेजारच्या काठेवाडी दुकानदाराची आई यांना कोर्टात वेगवेगळे उत्तर मिळे.

महामहोपाध्याय पांडुरंग वामन काणे यांना मी तौलनिक कायद्याचे अभ्यासक म्हणतो ते यामुळे. चिपळूणजवळच्या पेढे-परशुरामचा हा माणूस आधी शाळामास्तर, मग उच्च न्यायालयातला वकील. शासकीय विधी महाविद्यालयातली प्राध्यापकी १९१७ ते १९२३ एवढीच. त्यांनी ‘व्यवहारमयूख’ संपादून १९२६ मध्ये प्रसिद्ध केला. त्याला धर्मशास्त्राच्या इतिहासाची प्रस्तावना जोडायचा बेत होता. ती प्रस्तावना वाढत वाढत १९३० ते १९६२ या काळात पाच खंडांचा ग्रंथ होऊन बसली. माझे म्हणणे असे की, वकिली हा या विद्वत्तेतला अडथळा नव्हता. दोन मान्य ग्रंथ एकाच प्रश्नावर वेगळे का बोलतात आणि कोणता कुठे चालतो, हे वकिलाला न्यायाधीशासमोर पटवावे लागते. तुलना याहून वेगळी काय असते?

यावर कुणी म्हणेल, काणे तर प्राच्यविद्यापंडित. एकाच परंपरेतल्या टीका ताडून पाहणे म्हणजे तौलनिक कायदा नव्हे. पण जिथे वारस बदलतो तिथे कायदा बदललेला असतो. दोन्ही ग्रंथ संस्कृतात आहेत म्हणून तो फरक लहान होत नाही. दुसरा आक्षेप अधिक वजनाचा आहे. पोथीतून कोळी, आगरी, कुणबी यांची वहिवाट किती दिसते? फार थोडी. काण्यांनी रूढी आणि आधुनिक कायदा यांवर व्याख्याने दिली, ती १९५० मध्ये पुस्तकरूपाने आली, पण त्याने ही उणीव भरून निघत नाही. ती जिल्हा न्यायालयांच्या जुन्या दप्तरांतून भरून काढता येईल, आणि त्या कामाला पासपोर्ट लागत नाही. उरला प्राध्यापकांच्या बढतीचा प्रश्न. २०१० पासूनच्या गुणांकनात शोधनिबंध मोजले जातात. बत्तीस वर्षे लांबलेली प्रस्तावना कोणत्या रकान्यात भरायची, हे ज्यांनी तो तक्ता आखला त्यांनीच सांगावे.

हे सगळे आता इतिहासजमा झाले, असेही कुणी म्हणेल. १९५६ च्या हिंदू वारसा कायद्याने आईला पहिल्या वर्गात आणि बापाला दुसऱ्या वर्गात बसवले. काणे तेव्हा राज्यसभेत होते. मयूखाची हद्द त्या दिवशी पुसली गेली हे खरे, पण वारसा ठरतो मृत्यूच्या दिवशीच्या कायद्याने. अंधेरी-बोरिवलीत पुनर्विकासासाठी जुन्या जमिनीचे टायटल तपासताना १९५६ आधीचा एखादा मृत्यू निघाला, की कुटुंब मूळचे कुठले, हे आजही विचारावेच लागते.