राजस्थानात पडलेला दगड आणि वेस्टाचा पत्ता



आजची गोष्ट एका दगडापासून सुरू करू. २० जून १९९६ च्या रात्री राजस्थानातल्या पाली जिल्ह्यात, पिपलिया कलाँ इथे आकाशातून दोन दगड पडले. दोन्ही मिळून वजन सुमारे ४२ किलो. अहमदाबादच्या फिजिकल रिसर्च लॅबोरेटरीतल्या शास्त्रज्ञांनी या अशनीचा अभ्यास केला. त्याची जात निघाली युक्राइट.

युक्राइट म्हणजे काय? सोप्या भाषेत, बेसाल्ट. सह्याद्रीचा काळा कातळ आपल्यापैकी बहुतेकांनी पाहिलेला असतो. तो लाव्हा थिजून तयार झाला. युक्राइटही तसाच, लाव्हा थिजून झालेला. त्यातली मुख्य खनिजंसुद्धा तीच. पण हा लाव्हा पृथ्वीवरचा नाही. मग तो कुठे वाहिला?

आज शास्त्रज्ञ याचं उत्तर देतात: बहुधा वेस्टा या लघुग्रहावर. तिथे माणूस गेलेला नाही, आणि तिथून कुठल्या यानानं मातीचा कणही आणलेला नाही. तरी हे उत्तर मिळालं, ते वेस्टाची कक्षा आणि वेस्टाचं शरीर या दोन गोष्टी नीट मोजल्यामुळे. हा पत्ता कसा शोधला आणि त्यावर किती विश्वास ठेवायचा, एवढंच आज पाहायचं आहे.

आधी कक्षा. २९ मार्च १८०७ रोजी जर्मनीतल्या ब्रेमेन शहरात हाइनरिख ओल्बर्स यांना हा लघुग्रह दिसला. सापडलेला हा चौथा लघुग्रह. त्याची कक्षा काढली थोर गणिती गाउस यांनी, आणि वेस्टा हे नावही त्यांनीच दिलं.

पृथ्वी आणि सूर्य यांच्यातलं सरासरी अंतर, म्हणजे साधारण १५ कोटी किलोमीटर, याला एक खगोलीय एकक म्हणतात. वेस्टाचं सूर्यापासूनचं सरासरी अंतर २.३६ एकक. कक्षा किंचित लंबगोल, म्हणून तो कधी २.१५ एककांपर्यंत जवळ येतो, तर कधी २.५७ एककांपर्यंत लांब जातो. एका फेरीला सुमारे ३.६३ वर्षं लागतात. कक्षेचं प्रतल पृथ्वीच्या कक्षेच्या प्रतलाशी सुमारे ७ अंश कललेलं आहे. मंगळ आणि गुरू यांच्यामधल्या मुख्य पट्ट्याचा हा आतला भाग.

आता शरीर. वेस्टाचा सरासरी व्यास सुमारे ५२५ किलोमीटर. मुंबईहून इंदूर सरळ रेषेत गाठायचं तर जेवढं अंतर, त्याहून थोडं जास्त. पण तो चेंडूसारखा गोल नाही. लांबी ५७२ किलोमीटर, तर ध्रुवाकडून ध्रुवाकडे ४४६ किलोमीटर, दक्षिणेकडून दाबल्यासारखा. तो स्वतःभोवती ५ तास २० मिनिटांत फिरतो. घनता पाण्याच्या जवळजवळ साडेतीनपट, म्हणजे हा घट्ट खडक आहे. गुरुत्वाकर्षण आपल्या चाळिसाव्या हिश्शाएवढं. आणि पृष्ठभाग उजळ: पडलेल्या प्रकाशापैकी चाळीस टक्क्यांच्या आसपास परत फेकतो. आपला चंद्र जेमतेम बारा टक्के फेकतो.

हा परत आलेला प्रकाश हाच पहिला धागा. १९७० मध्ये मॅकॉर्ड, अ‍ॅडम्स आणि जॉन्सन या तीन शास्त्रज्ञांनी वेस्टाच्या प्रकाशाचा वर्णपट मोजला. तांबड्या रंगाच्या थोडं पलीकडे, डोळ्यांना न दिसणाऱ्या भागात, प्रकाश कमी पडत होता. पायरॉक्सीन नावाचं खनिज नेमका तिथलाच प्रकाश शोषतं. प्रयोगशाळेत युक्राइट दगडाचा वर्णपट घेतला, तर तोही तसाच. दोघांचा रंग जुळला.

पण रंग जुळला म्हणून नातं सिद्ध होतं का? नाही. इथे एक मोठी अडचण उभी राहिली, आणि ती कक्षेची होती.

पट्ट्यातला दगड पृथ्वीपर्यंत येतो कसा? पट्ट्यात काही जागा जवळजवळ रिकाम्या आहेत. अमेरिकी खगोलशास्त्रज्ञ डॅनियल कर्कवुड यांनी एकोणिसाव्या शतकात त्या दाखवल्या. त्यातली एक आहे सरासरी अंतर २.५ एककं असलेल्या कक्षांची. तिथल्या दगडाच्या तीन फेऱ्या होतात तेवढ्यात गुरूची एक होते. झोपाळ्याला दर वेळी नेमक्या क्षणी हात लावला तर झोका वाढत जातो ना, तसंच. गुरूची ओढ ठरावीक तालात बसत राहते, कक्षा लांबट होत जाते आणि दगड शेवटी मंगळाची, मग पृथ्वीची वाट ओलांडू लागतो. ही पट्ट्यातून बाहेर पडायची वाट.

कोणी विचारेल, वेस्टा २.५७ एककांपर्यंत जातो, म्हणजे तो स्वतःच ही वाट ओलांडतो की! पण रिकामी जागा ठिकाणाची नाही, फेरीच्या काळाची आहे. ती सुमारे ३.९५ वर्षांची. वेस्टाची फेरी ३.६३ वर्षांची, त्यामुळे त्याचा ताल गुरूशी जुळत नाही. वेस्टावर टक्कर झाली तरी उडालेले तुकडे एवढ्या लांबच्या वाटेवर पोहोचणार कसे? वेस्टावरून निसटायला सेकंदाला ३६० मीटर वेग पुरतो. पण तिथपर्यंत फेकले जायला बराच जास्त लागतो. त्यामुळे अनेकांना ही कल्पना पटत नव्हती.

उत्तर १९९३ मध्ये मिळालं. बिन्झेल आणि शू या दोन शास्त्रज्ञांनी वेस्टाच्या आसपासच्या कक्षांतले छोटे लघुग्रह तपासले. त्यांतले वीस वेस्टासारख्याच रंगाचे निघाले. आणि ते वेस्टापासून थेट त्या २.५ च्या वाटेपर्यंत पसरलेले होते. नदी ओलांडायला मध्ये दगड टाकलेले असावेत, तसे. शिवाय सूर्याच्या उन्हानं तापलेले छोटे दगड ती उष्णता बाहेर टाकताना अगदी हळूहळू सरकतात, हेही पुढे लक्षात आलं. लाखो-कोटी वर्षांत तेवढं सरकणं पुरतं.

मग घाव शोधायचा राहिला. एवढे तुकडे उडाले असतील, तर वेस्टाच्या अंगावर खूण हवी. १९९७ मध्ये हबल दुर्बिणीच्या चित्रांवरून दक्षिण ध्रुवापाशी प्रचंड विवर असल्याचं जाहीर झालं. जुलै २०११ मध्ये नासाचं डॉन यान वेस्टाभोवती फिरू लागलं, सप्टेंबर २०१२ पर्यंत तिथे राहिलं, आणि हे विवर जवळून पाहिलं. त्याचं नाव रिआसिल्व्हिया. रुंदी सुमारे ५०० किलोमीटर, म्हणजे जवळपास वेस्टाएवढीच! मधोमध वीस किलोमीटरहून उंच डोंगर. आपलं लोणार पावणेदोन किलोमीटरच्या आसपास आहे, त्यावरून अंदाज करा. वेस्टा दक्षिणेकडून दाबल्यासारखा का, तेही इथे कळलं. ही टक्कर साधारण शंभर कोटी वर्षांपूर्वीची असावी. डॉननं जवळून घेतलेले वर्णपटही याच जातीच्या अशनींशी जुळले.

रंग, वाट आणि घाव, तिन्ही एकाच दिशेनं बोट दाखवतात. तरीही मी सुरुवातीला 'बहुधा' म्हटलं, ते मुद्दाम.

२००७ मध्ये ऑस्ट्रेलियात बनबरा रॉकहोल नावाचा अशनी पडला. तो पडताना कॅमेऱ्यांनी टिपला होता. दगड बेसाल्टचा, दिसायला युक्राइटच. पण त्यातल्या ऑक्सिजनच्या समस्थानिकांचं प्रमाण बाकीच्या युक्राइटांपेक्षा वेगळं निघालं. म्हणजे तो दुसऱ्याच कुठल्या तरी पिंडाचा तुकडा. लाव्हा फक्त वेस्टावरच वाहिला असं नाही. म्हणून प्रत्येक दगडाची झडती वेगळी घ्यावी लागते. आडनाव सारखं म्हणून घर एकच, असं धरून चालत नाही.

आता पुन्हा पिपलिया कलाँकडे येऊ, कारण या दगडानं आणखी एक मोठं काम केलं. अवघ्या पाचशे किलोमीटरच्या पिंडात लाव्हा होण्याइतकी उष्णता आली कुठून? एक जुनी कल्पना होती: अ‍ॅल्युमिनियम-२६. हा किरणोत्सारी अणू सुमारे सात लाख वर्षांत निम्मा उरतो आणि मॅग्नेशियम-२६ मध्ये बदलतो. त्यातून उष्णता निघते. पण तो एवढ्या लवकर संपतो, की आज शोधायचा तो त्याचा माग: अ‍ॅल्युमिनियम जास्त असलेल्या खनिजात गरजेपेक्षा जास्त मॅग्नेशियम-२६.

श्रीनिवासन, गोस्वामी आणि भंडारी या अहमदाबादच्या शास्त्रज्ञांना तो माग पिपलिया कलाँच्या दगडात सापडला. १९९९ मध्ये त्यांचा निबंध सायन्स या नियतकालिकात आला. अर्थ असा, की सूर्यमालेतले पहिले घन कण बनल्यानंतर पन्नासेक लाख वर्षांच्या आतच हा लाव्हा थिजला होता. सूर्यमालेचं वय सुमारे ४५७ कोटी वर्षं. त्यात पन्नास लाख म्हणजे काहीच नाही. पृथ्वी तेव्हा पुरती बनलेलीही नव्हती. छोटे पिंड वितळवणारी चूल हीच असावी, याला त्या दगडानं मोठा आधार दिला.

म्हणून म्हणतो, कक्षेचे आकडे कोरडे समजू नका. २.३६ आणि २.५ यांच्यातल्या छोट्या फरकानं एका चांगल्या कल्पनेला वीसेक वर्षं अडवून धरलं. आणि ती अडवली गेली म्हणूनच लोकांनी पुरावा शोधला.

जाता जाता एक सांगतो. वेस्टा तुम्ही स्वतः पाहू शकता. साधारण दर साडेसोळा महिन्यांनी तो पृथ्वीच्या जवळ येऊन सूर्याच्या बरोबर समोर असतो. तेव्हा शहराबाहेर, साध्या द्विनेत्रीतून तो सहज सापडतो. खूप अंधाऱ्या जागी, फार अनुकूल वेळ असेल तर नुसत्या डोळ्यांनीही अंधूक दिसतो. बेळगाव असो, बडोदा असो की हैदराबाद, मोबाइलमधला आकाशाचा नकाशा उघडा, जागा हेरा आणि त्या भागातल्या चांदण्या कागदावर काढून ठेवा. दोन-तीन रात्रींनी पुन्हा पाहा. जो ठिपका सरकला असेल, तो वेस्टा. ओल्बर्सनंतर दोनशेहून अधिक वर्षांनी तुम्हीही त्याची कक्षा मोजायला सुरुवात केलेली असेल.